रंगवलेला खड्डा

ऑगस्टमध्ये युलाली वारली तेव्हा तिचा धाकटा मुलगा गार्नेट बोटीवर होता. थोरला आल्बन घरी होता. आल्बनने धाकट्याची वाट न बघता आईला पुरलं. भांडण एवढंच. पण आमच्या ब्वा-रूज गावात, आणि मला वाटतं त्रिनिदादच्या सगळ्याच दक्षिण किनाऱ्यावर, दोन भावांत याहून मोठं भांडण होत नाही.

गार्नेट पोचला तेव्हा मयताचा जागर चालू होता. अंगणात ताडपत्रीखाली बसून माणसं पत्ते कुटत होती, कॉफी आणि बिस्किटं फिरत होती. तो खांद्यावरची पिशवीही खाली न ठेवता सरळ आल्बनसमोर जाऊन उभा राहिला.

"कुठंय ती?"

आल्बनने टेकडीकडे बोट केलं.

"फोनवर काय सांगितलं होतं मी तुला?"

"थांब म्हणाला होतास."

"मग?"

आल्बनने पुन्हा टेकडीकडे पाहिलं. तो मासळी डेपोत कामाला आहे, आणि मुळात दिवसाला चार शब्द बोलणारा माणूस. गार्नेटचा हात उठला. तो हात तांती इग्नेशियाने वरच्यावर धरला.

तांती ही युलालीची धाकटी बहीण, या दोघांची मावशी. पण सगळं गाव तिला तांतीच म्हणतं. सत्तरी ओलांडलेली, दात थोडे, आवाज मात्र असा की समुद्रावरच्या होडीला ऐकू जावा. लढतीत गाते ती.

"मयताच्या घरात हात उचलायचा नाही," ती म्हणाली. "एवढी खाज असेल तर ठेव जपून. कार्निव्हलला गयेलमध्ये काढ."

"तोपर्यंत हे पोटात ठेवू?"

"राग काय दूध आहे नासायला? ठेव."

त्याने ठेवला. मी पाहिलंय ते. कार्निव्हलपर्यंत दोघे भाऊ एकाच घरात राहिले, दोन चुली मांडून. गार्नेट पुन्हा बोटीवर गेलाच नाही. त्याने डोंगरातून पुई नावाच्या कठीण लाकडाची काठी तोडून आणली, जाळावर फिरवून तिची साल काढली, तेल पाजलं, आणि रोज संध्याकाळी मागच्या अंगणात एकटाच नाचत बसला. आल्बनला ते स्वयंपाकघराच्या खिडकीतून दिसायचं. तोही एक दिवस मुकाट्याने डोंगरावर जाऊन काठी घेऊन आला.

गयेल म्हणजे आमचं लढायचं रिंगण. रमच्या दुकानामागे, चिंचेखाली. पिढ्यान्‌पिढ्यांच्या पायांनी घट्ट केलेली माती, आणि बरोबर मध्ये ढोपरभर खोल खड्डा. तीन ढोल वाजतात, एकजण गातो, बाकीचे झेलतात, आणि दोघे काठ्या घेऊन उतरतात. नाचल्याशिवाय मारायचं नाही. ज्याचे पाय ढोलाच्या तालात नाहीत त्याचा फटका आमच्यात लढतीत धरत नाहीत; ती नुसती मारहाण. डोक्यातून रक्त आलं की लढत थांबते. मग हरलेला खड्ड्याशी गुडघे टेकतो, मान खाली घालतो, आणि जिंकलेला त्याच्या मानेवर हात ठेवून उभा राहतो. रक्त खड्ड्यात पडतं. माती ते पिते. माती प्याली की भांडण संपलं.

संपलं म्हणजे संपलंच. कोण बरोबर होता, कोण चुकला, का केलंस, कसं केलंस, काही विचारायचं नाही. दारू चढल्यावरसुद्धा तो विषय काढायचा नाही. एकमेकांच्या होड्या जाळलेली दोन माणसं खड्ड्यानंतर एकाच जाळ्यावर काम करताना मी पाहिली आहेत. त्यांना एकमेकांबद्दल प्रेम वगैरे नव्हतं. प्रेमाची गरजच नव्हती.

हे सगळं सांगायचं कारण म्हणजे त्या वर्षी आमच्याकडे उत्सव समिती आली.

समितीचा माणूस प्रुडम. वागायला सभ्य, घाम पुसायला दोन रुमाल जवळ बाळगणारा. तो पोर्ट ऑफ स्पेनहून जानेवारीत आला आणि रमच्या दुकानात बसून म्हणाला की यंदा ब्वा-रूजची लढत टीव्हीवर दाखवणार, शहरातून पाहुणे येणार, परदेशी अभ्यासक येणार. गयेलवर एक व्यासपीठ घालावं लागेल. जमिनीवर कॅमेऱ्याला काही दिसत नाही.

"व्यासपीठ?" तांती म्हणाली. "लग्न लावतोयस की काय पोरांचं?"

"तांती, लोकांना दिसायला नको का?"

"ज्याला बघायचंय तो वाकून बघतो. आणि खड्डा?"

"खड्डा राहील. मी स्वतः लक्ष घालीन. खड्ड्याशिवाय कालिंदा नाही, हे मला ठाऊक आहे."

कालिंदा, म्हणजे आमची काठीची लढत, हा शब्द त्याने इतका अचूक उच्चारला की दुकानातल्या दोघातिघांना तेवढ्यावरच बरं वाटलं. मलाही वाटलं असावं. प्रुडमने सगळ्यांना एकेक पेला पाजला, गाव हो म्हणालं.

लढतीच्या दिवशी दुपारी आम्ही गेलो तर चिंच अर्धी छाटलेली. तिच्या फांद्या दिव्यांच्या आड येत होत्या म्हणे. खाली माणसाच्या कमरेएवढं उंच प्लायवूडचं व्यासपीठ, चारी बाजूंनी जाहिरातींचं कापड सोडलेलं. प्लायवूडला मातीसारखा तपकिरी रंग दिला होता. आणि मधोमध काळ्या ऑइलपेंटने एक गोल काढला होता. चकचकीत. ताटाएवढा.

तांती पायऱ्या चढून वर गेली आणि त्या गोलावर पायाचा अंगठा आपटला.

"हे काय?"

"खड्डा," प्रुडम म्हणाला.

"हा?"

"प्रतीकात्मक आहे, तांती. खरा खाली आहेच. बरोबर त्याच्याच डोक्यावर काढलाय, टेप लावून. विम्यावाल्यांनी स्टेजला भोक पाडू दिलं नाही, कुणाचा पाय अडकला तर..."

"प्रतीकात्मक जेवलायस कधी?"

"अं?"

"आज घरी जा आणि बायकोला म्हण, प्रतीकात्मक वाढ. मग सांग मला पोट भरलं का."

खाली हशा झाला. प्रुडमही हसला, लाजला पण हसला. मला वाटतं तो वाईट माणूस नव्हता. त्यामुळे राग काही कमी होत नाही.

तांतीने हात झटकले. "मी नाही गाणार. चला रे, ढोल उचला."

तेवढ्यात गार्नेट वर आला. अनवाणी, डोक्याला लाल फडकं, काठी बगलेत. तो गोलाशी उकिडवा बसला आणि बोटाने चाचपू लागला. प्लायवूडचे दोन तुकडे जिथे जुळले होते, ती रेघ नेमकी गोलामधून जात होती.

"तांती, फट आहे," तो म्हणाला. "जाईल खाली."

"काय जाईल?"

"रक्त. ठिबकेल या फटीतून. खाली खड्डा आहेच ना? मातीला पोचलं म्हणजे झालं."

"आणि नाही पोचलं तर?"

"तांती, मला आता आणखी एक दिवस हे पोटात ठेवता येत नाही." त्याने मान वर केली तेव्हा त्याचे डोळे बघून मी तरी नजर वळवली. "गा. नाहीतर मी ह्याला घरी जाऊन मारीन. कोयत्याने."

तांतीने आल्बनकडे पाहिलं. तो पायऱ्यांशी उभा होता.

"तुझं काय म्हणणं?"

"उरकू दे," आल्बन म्हणाला.

इथे चूक झाली. कुठल्याही बाहेरच्या माणसाने सांगितलं असतं की प्लायवूडच्या फटीवर भरवसा ठेवू नये. पण आम्ही लहानपणापासून माती पिताना पाहिलेली माणसं. खाली माती आहे म्हटल्यावर रक्त आपलं आपण वाट काढील, असंच आम्हा सगळ्यांना वाटलं. मीही ती फट पाहिली आणि पुरेशी आहे म्हणालो.

आधी प्रुडमचं भाषण झालं. आफ्रिकेतली लढाऊ नृत्यं गुलामांच्या जहाजांतून इकडे कशी आली. मळेवाल्यांनी ढोल बंद केले तर माणसांनी बांबू आपटून ताल कसा धरला. लढाई नाचात कशी लपवली आणि मग नाचातून पुन्हा लढाई कशी काढली. ब्राझीलमध्ये तिचे पाय झाले, मार्टिनिकमध्ये मुठी झाल्या, आमच्याकडे काठी झाली. खुर्च्यांवर बसलेले पाहुणे माना डोलावत होते. त्यात एक अक्षर खोटं नव्हतं. मी स्वतः हे सगळं वाचलेलं आहे. आणि तरी, छाटलेल्या चिंचेखाली, झाकलेल्या मातीवर उभं राहून तो माणूस ते सांगत होता तेव्हा मी पाहुण्यांकडे पाठ करून उभा होतो.

"मास्तर," तांती माझ्या कानाशी म्हणाली, "हा आपल्याला आपल्याच आजीची ओळख करून देतोय का रे?"

"असंच दिसतंय."

"मग तिला मारून का बसलाय वर?"

ढोल सुरू झाले. लाकडावर ते पोकळ वाजत होते. तांतीने झग्याच्या कडेने तोंड पुसलं आणि गळा काढला:

"एका गायीची दोन वासरं,
दूध संपलं, शिंगं उरली!"

"शिंगं उरली, शिंगं उरली!" गावाने झेललं. पाहुण्यांतल्या काहींनी टाळ्यांचा ठेका धरला, चुकीचा.

"एक म्हणतो आई माझी,
दुसरा म्हणतो माती माझी!"

"शिंगं उरली, शिंगं उरली!"

लढत मला धड सांगता येणार नाही. इतकी वर्षं बघतोय, पण फटका मला तो बसल्यावरच दिसतो. पाय मात्र दिसतात. गार्नेटचे पाय आईवर गेलेले. युलालीही तरुणपणी गयेलमध्ये उतरली होती, स्कर्ट कमरेला खोचून. तेच ते टाच न टेकवता गोल फिरणं, तेच मध्येच थबकून खांदे हलवणं. आल्बन जडपणे नाचत होता, पण ढोलाच्या आत होता. दोन्ही हातांनी काठी आडवी धरून तो नुसता वाट बघत होता.

"अरे मार की!" खालून कुणी ओरडलं. "मासे पाखडतोयस काय?"

गार्नेटने तीन-चार फटके टाकले. आल्बनने सगळे झेलले. काठीवर काठी बसल्याचा आवाज सुकलेल्या हाडासारखा येतो. मग आल्बनने पहिल्यांदा हात उचलला, खालून, बरगडीकडे; गार्नेट मागे उडाला, नाचतच आत आला, आणि आल्बनने डोकं वाचवायला डावा पाय मागे टाकला. मातीवर टाकला असता तर मातीने धरला असता. रंगावर तो सरकला. वीतभरच, पण तेवढ्यात आडवी काठी खाली आली आणि गार्नेटची काठी त्याच्या कपाळाच्या वर, केसांत बसली.

ढोल वाजतच राहिले, रीतीप्रमाणे. आल्बन खाली बसला, मग उठला. रक्त भुवईवरून नाकाच्या बाजूने उतरत होतं. तो चालत काळ्या गोलाशी गेला, गुडघे टेकले, मान खाली घातली. गार्नेट त्याच्यामागे गेला आणि मानेवर हात ठेवला. 

थेंब पडू लागले. काळ्या रंगावर लाल दिसतही नव्हतं. नुसतं ओलं दिसत होतं. आम्ही सगळे फटीकडे बघत होतो. थेंब फटीवर पडायचे आणि तिथेच बसायचे. त्यांचं थारोळं झालं. फटीत लांबीचा लगदा भरलेला होता, वरून रंग मारलेला. सुताराने काम चोख केलं होतं.

थारोळं गोलाच्या काठापर्यंत आलं, काठ ओलांडून गेलं आणि स्टेजच्या उताराने कॅमेऱ्याच्या वायरींकडे निघालं.

"केबल! केबल बघा!" कुणीतरी ओरडलं.

शहरातून आणलेली नर्स धावत आली. हातमोजे घातलेले, एका हातात बादली, दुसऱ्यात फडकं. तिने वाकून आल्बनच्या डोक्याखालचं सगळं रक्त भराभर पुसलं, फडकं बादलीत पिळलं, पुन्हा पुसलं. बादलीत फिनेल होतं. वास आमच्यापर्यंत आला. खुर्च्यांवरून टाळ्या झाल्या. लढत छान झाली म्हणून असतील, नाहीतर नर्स चपळ होती म्हणून.

तांतीचं गाणं तुटलं. मग एक ढोल थांबला, मग दुसरा. तिसरा म्हातारा अँथीम वाजवत होता, त्याला दिसत नाही. शेजाऱ्याने त्याचा हात धरला.

"काय करतेस तू?" गार्नेट नर्सला म्हणाला. आवाज अगदी हळू होता.

"जखम धुवायला हवी, सर. बाजूला व्हा."

"काय पुसलंस तू?"

"सर, जंतुसंसर्ग..."

"ते मातीचं होतं! दे ती बादली!"

"ही देता येत नाही. हा वैद्यकीय कचरा आहे."

कचरा म्हणाली ती. तिला ठाऊक नव्हतं. ती आपलं काम करत होती. पण तो शब्द माईकने उचलला आणि चारी कर्ण्यांतून गावावर पडला. खाली बसलेली माणसं उभी राहिली. 

गार्नेटने बादली हिसकली आणि तांतीकडे आला. "ओतू का? मातीत ओतू?"

"फिनेल आहे रे त्यात," तांती म्हणाली. "फिनेल पाजणार खड्ड्याला?"

त्याने बादली फेकून दिली. मग तो परत गोलाशी गेला, काठीचं टोक फटीत घुसवलं आणि दाबलं. लांबी उडाली. प्लायवूड हललं नाही. त्याने सगळं वजन टाकलं. सहा महिने तेल पाजलेली पुईची काठी, जिने एकाच फटक्यात काम केलं होतं, ती पहारीसारखी रेटताना वाकली आणि मधोमध उभी चिरली.

"अहो गार्नेट! अहो, काय करताय!" प्रुडम धावला. "ट्रॉफी द्यायचीय अजून! लाइव्ह आहे हे!"

"खड्डा कुठंय?"

"खाली आहे. शपथेवर सांगतो, खालीच आहे."

"दाखव."

आणि आल्बन, ज्याच्या डोक्यातून अजून रक्त वाहत होतं, तो उठला, नर्सच्या हातातली पट्टी घेऊन डोक्यावर दाबली आणि पायऱ्या उतरून व्यासपीठाच्या बाजूला गेला. त्याने जाहिरातीचं कापड वर केलं आणि रांगत आत शिरला. त्याच्यामागे गार्नेट.

प्रुडम माईकवर पाच मिनिटांची विश्रांती जाहीर करत होता. रखवालदार पुढे आले, पण गावातली माणसं कापडासमोर नुसती उभी राहिली, हात बांधून.

तांतीने मला ढकललं. "मास्तर, तू काटकुळा आहेस. जा आत. कुणी कुणाला मारत असेल तर हाक मार."

"मी काय करणार आत?"

"काही करू नकोस. तुला येतं ते."

मी गेलो. आत वाकून चालण्याएवढीही जागा नव्हती. कापडातून लाल-पिवळा उजेड येत होता. स्टेजवाल्यांची हत्यारांची पेटी, दोऱ्यांची वेटोळी, सिमेंटची रिकामी पोती पडलेली. दोघे भाऊ मध्यावर कोपरांवर आडवे पडले होते आणि त्यांच्यामध्ये लोखंडी खांब होता. सगळ्या व्यासपीठाचा भार घेणारा मुख्य खांब. त्यांना खांबासाठी पाया हवा होता, आणि आयता खणलेला खड्डा मिळाला. त्यांनी तो काँक्रीटने भरला होता. काठोकाठ. वरून थापी मारून गुळगुळीत केलेला.

गार्नेटने त्यावर तळहात ठेवला. 

"पट्टी काढ," तो म्हणाला.

आल्बनने काढली. डोकं काँक्रीटवर नेलं. दोन थेंब पडले, तिसरा नाही. रक्त थांबत आलं होतं. ते दोन थेंब करड्या सिमेंटवर गोल बसून राहिले.

"पीत नाही," आल्बन म्हणाला.

"दिसतंय मला."

वर कुणाचे तरी पाय फिरत होते. धूळ पडत होती आमच्या मानेवर.

"तू घसरलास," गार्नेट एकदम म्हणाला. "मी नाही मारलं तुला. तू घसरलास म्हणून लागलं."

"लागलं ते लागलं."

"नाही! मग ते माझं कसं? सहा महिने मी..." त्याने मूठ काँक्रीटवर आपटली. "का नाही थांबलास तू? का? दोन दिवस. फक्त दोन दिवस थांबायचं होतं!"

हे विचारायचं नसतं. खड्डा त्याचसाठी होता. पण खड्डा नव्हता. आल्बन उत्तर देणार नाही असं मला वाटलं, कारण त्याने कधी दिलेलं नव्हतं. तो खांबाकडे बघत बोलला.

"शवागारवाल्याचं यंत्र बंद पडलं. त्याने पहाटेच आईला घरी आणून टाकलं. ऑगस्ट होता. मी डेपोतून बर्फ आणला. रात्रभर बदलत बसलो. दुसऱ्या दिवशी डेपोतलाही संपला."

"म्हणून?"

"लोक भेटायला येत होते. दारातूनच परत जात होते. नाकाला रुमाल लावून." त्याने पट्टी चुरगळली. "आईच्या घरात. आईला बघून. ती बाई रोज दोनदा अंघोळ करायची, गार्नेट."

गार्नेट कोपरांवर पुढे सरकला.

"फोनवर का नाही बोललास हे?"

"काय बोलू? तू भर समुद्रात. आईला वास येतोय म्हणून सांगू तुला?"

मला वाटलं आता हा रडेल, भावाच्या गळ्यात पडेल. पुस्तकांत तसं होतं. गार्नेटचा चेहरा मात्र पूर्वी कधी पाहिला नव्हता इतका संतापलेला झाला.

"मला हे नको होतं कळायला."

"तू विचारलंस."

"मी विचारायला नव्हतो आलो! मी टाकायला आलो होतो! तुझं रक्त पडलं असतं, मातीने घेतलं असतं, मी गेलो असतो बोटीवर. आई माझ्या डोक्यात होती तशीच राहिली असती, पांढऱ्या झग्यात, उभी. आता हे मी कुठं ठेवू? सांग ना! आता डोळे मिटले की काय दिसणार मला?"

"मला जे दिसतं तेच," आल्बन म्हणाला.

 मी बाहेर जायला हवं होतं, पण हललो तर आवाज होईल म्हणून पडून राहिलो.

मग गार्नेट सरपटत गेला, हत्यारांची पेटी ओढून आणली आणि उलटी केली. त्यातून हातोडा घेतला. छिन्नी आल्बनकडे फेकली.

"धर."

कापड वर झालं आणि प्रुडमचा घामेजलेला चेहरा आडवा आत आला. "अहो, बाहेर या! तो मुख्य खांब आहे! वर माणसं आहेत, कॅमेरे आहेत, सगळं त्याच्यावर उभं आहे!"

"मग त्यांना उतरायला सांग," बाहेरून तांतीचा आवाज आला. ती प्रुडमच्या शेजारीच जमिनीवर बसली असावी. तिचे सुजलेले पाय मला कापडाखालून दिसत होते. "खाली पोरं काम करतायत."

"तांती, हा गुन्हा आहे!"

"हो ना? आणि तू बुजवलास तो काय, सत्कार होता?"

"अहो, कामगारांनी बुजवला! मला खरंच माहीत नव्हतं. त्यांना खड्डा दिसला, त्यांनी भरला."

"टेप लावून मोजलास म्हणालास. मोजताना डोळे कुठं ठेवले होतेस, शहरात?"

आत आल्बनने छिन्नी खांबाच्या मुळाशी, दोन थेंबांच्या बाजूला टेकवली. मुठीत गच्च धरली. उजेड अंधुक, जागा इतकी कमी की हातोडा धड उचलताही येत नव्हता. गार्नेटला कुशीवर पडून आडवाच घाव घालावा लागणार होता.

"हात मागे घे," गार्नेट म्हणाला. "मला नीट दिसत नाही."

"मार."

"चुकला तर बोटं जातील."

"दिसत नाही ना तुला? मग मी धरतो तिथं मार."

गार्नेटने घाव घातला. काँक्रीटचा कपचा उडून माझ्या गालावर लागला. वर कुणीतरी किंचाळलं, खुर्च्या सरकल्या, पायऱ्यांवरून धावपळ झाली. दुसरा घाव छिन्नीच्या कडेवरून निसटून आल्बनच्या अंगठ्यावर बसला. मला तो आवाज ऐकू आला.

गार्नेट थांबला. "दाखव."

"नंतर," आल्बन म्हणाला. त्याने हात हलवला नव्हता. अंगठ्यावरून ओघळ छिन्नीवर आला होता आणि चिरलेल्या सिमेंटमध्ये उतरत होता. "अजून माती लागली नाही. मार."